कॉम्पासचा काटा कुणाकडे झुकतो?

अमेरिकेत कॉम्पास नावाचं एक सॉफ्टवेअर आहे, अटक झालेला माणूस पुन्हा गुन्हा करेल का याचे ते १ ते १० मार्क देतं, आणि काही कोर्टांत जज ते बघतातही. २०१६ मध्ये प्रोपब्लिका या शोधपत्रकारिता करणाऱ्या संस्थेच्या पत्रकारांनी फ्लोरिडाच्या ब्रोवर्ड काउंटीतल्या ७ हजारांहून जास्त लोकांचे मार्क मिळवले आणि पुढच्या दोन वर्षांत खरंच काय झालं ते ताडून बघितलं. ज्यांच्यावर पुन्हा कुठलाच गुन्हा दाखल झाला नाही, त्यातल्या जवळपास ४५% कृष्णवर्णीयांना मशीनने धोकादायक ठरवलं होतं, गोऱ्यांमध्ये हाच आकडा २३-२४%.

कॉम्पास बनवणारी कंपनी म्हणाली, अहो पण आम्ही धोकादायक म्हटलेल्यांपैकी खरे ठरणारे दोन्हीकडे साधारण सारखेच आहेत की! आणि गंमत म्हणजे तेही बरोबर.

कसं काय? कागद घ्या. एका गटात १०० जण, त्यातले ५० पुन्हा पकडले जाणार. दुसऱ्यात १००, पकडले जाणारे २०. मशीनने पहिल्यातल्या ५० जणांवर ‘धोकादायक’ असा शिक्का मारला, ३० बरोबर निघाले. दुसऱ्यात २० जणांवर मारला, १२ बरोबर. दोन्हीकडे ६०% शिक्के बरोबर, एकदम फेअर. आता चुकून शिक्का बसलेले बघा, पहिल्या गटात ५० निर्दोषांपैकी २०, म्हणजे ४०%, दुसऱ्यात ८० पैकी ८, फक्त १०%. मुळातले आकडे वेगळे असले, आणि पुन्हा पकडले जाणारे दोन्हीकडे सारख्याच प्रमाणात हेरायचे असले (इथे दोन्हीकडे ६०%), की दोन्ही प्रकारचा न्याय एकदम जमतच नाही, कोडिंग कितीही भारी करा; अंदाज शंभर टक्के अचूक असेल तरच सुटका.

बरं, ते मुळातले आकडे तरी कसले? गुन्ह्याचे नाहीत, अटकेचे. अमेरिकेत गांजा ओढणारे काळे-गोरे जवळपास सारख्याच प्रमाणात, पण २०१० मध्ये गांजा बाळगल्याबद्दल अटक व्हायचं प्रमाण कृष्णवर्णीयांत साडेतीन पटीहून जास्त होतं. मशीन शिकतं ते पोलिसांची गाडी कुठे फिरते ते.

एवढं करून कॉम्पासचे एकूण अंदाज बरोबर किती, तर ६५% च्या आसपास, नाणं उडवलं तरी ५० मिळतात! २०१८ मध्ये डार्टमथ कॉलेजच्या दोघा संशोधकांनी नेटवरच्या साध्या लोकांना आरोपींची चार ओळींची माहिती देऊन अंदाज विचारला, ते जवळपास तेवढेच बरोबर आले. मग फक्त वय आणि आधीचे गुन्हे एवढ्यावर एक साधं सूत्र बसवलं, तेही कॉम्पासच्या तोडीस तोड.

कॉम्पासचा फॉर्म मात्र १३७ प्रश्नांचा. त्यात वंश विचारत नाहीत हं. आईवडलांपैकी कोणी जेलमध्ये गेलं होतं का, ते विचारतात.