साठ फ्रेम असूनही चेंडू का अडखळतो?

फुटबॉलचा गेम चालू आहे. कोपऱ्यातला आकडा ६० एफपीएस दाखवतोय, पण विंगर चेंडू घेऊन सुटला की मैदान झटके खात सरकतं. यावर हमखास मिळणारा सल्ला म्हणजे ‘ग्राफिक्स कार्ड बदला’. कार्ड बदलल्यावरही झटके तसेच राहिले की मग सगळा राग गेमवर निघतो. तो ६० चा आकडा काय सांगतो आणि काय लपवतो, याकडे मात्र फारसं कुणी बघत नाही.

एफपीएस म्हणजे एका सेकंदात तयार झालेल्या फ्रेमची, म्हणजे एकेका स्थिर चित्राची, संख्या. समजा, ५९ फ्रेम प्रत्येकी १५ मिलिसेकंदांत तयार झाल्या आणि एका फ्रेमला ११५ मिलिसेकंद लागले. ५९ गुणिले १५ म्हणजे ८८५, त्यात ११५ मिळवले की बरोबर १०००. आकडा ६० च दिसणार! पण त्या अडलेल्या ११५ मिलिसेकंदांत ताशी १०८ किलोमीटर वेगाने मारलेला चेंडू जवळजवळ साडेतीन मीटर पुढे गेलेला असतो. क्रिकेटच्या गेममध्ये फटक्याचा क्षण हुकायला यापेक्षा कितीतरी कमी वेळ पुरतो. २०११ साली स्कॉट वॅसन या हार्डवेअर समीक्षकाने सेकंदाची सरासरी बाजूला ठेवून एकेका फ्रेमचा वेळ मोजून मांडायला सुरुवात केली आणि हळूहळू ग्राफिक्स कार्डांच्या चाचण्यांची रीतच बदलली.

म्हणून दुरुस्तीची सुरुवात मोजण्यापासून करायची. त्याही आधी एक साधी परीक्षा: इंटरनेट बंद करून संगणकाविरुद्ध एक सामना खेळा. तो सुरळीत चालला आणि ऑनलाइन सामनाच अडखळला, तर दोष नेटवर्कचा आहे. ग्राफिक्सच्या सेटिंगना हात लावू नका. ऑफलाइनही अडखळला तर दोष यंत्रात आहे. मग आफ्टरबर्नर या ग्राफिक्स कार्डावर नजर ठेवणाऱ्या प्रोग्रॅमच्या मॉनिटरिंग विभागात ‘फ्रेमटाइम’वर (एकेका फ्रेमला लागलेला वेळ) खूण करा, ते पडद्यावर दाखवायला सांगा आणि आकड्याऐवजी आलेख निवडा. ६० फ्रेमच्या खेळात ही रेषा १६.७ मिलिसेकंदांवर सपाट पडलेली हवी. तिला काटे फुटलेले दिसले तर त्यांचा आकार आणि वेळ लक्षात ठेवा; निदान त्यावरूनच होतं.

खेळांच्या गेममध्ये हा दोष जास्त डोळ्यांत खुपतो, त्याला कारण कॅमेरा. टीव्हीवरच्या प्रक्षेपणासारखा तो मैदानाच्या कडेने संथपणे आडवा सरकतो. सरकत्या वस्तूचा पाठलाग करताना आपले डोळे एकसंध वेगाने फिरतात आणि पुढच्या क्षणी वस्तू कुठे असेल याचा अंदाज मेंदू आधीच बांधून ठेवतो. मैदानाची पांढरी रेषा १९२० पिक्सेल रुंदीचा पडदा दोन सेकंदांत पार करत असेल, तर प्रत्येक फ्रेमला ती १६ पिक्सेल सरकायला हवी. एक फ्रेम हुकली की रेषा जागच्या जागी राहते, पण डोळा १६ पिक्सेल पुढे गेलेला असतो. चित्र दृष्टिपटलावर भलत्याच ठिकाणी पडतं आणि आपल्याला दुहेरी कड किंवा धक्का जाणवतो. नेमबाजीच्या गेममध्ये कॅमेरा झटक्याने वळतो, तिथे अशी हुकलेली फ्रेम लपून जाते.

आता पडद्याचा ठेका. १४४ हर्ट्झचा मॉनिटर सेकंदाला १४४ वेळा चित्र ताजं करतो. गेम ६० फ्रेमवर बांधलेला असेल, तर एका फ्रेमच्या वाट्याला २.४ ठोके येतात. अर्धवट ठोका नसतोच. त्यामुळे काही फ्रेम दोन ठोके टिकतात आणि काही तीन. २, २, ३, २, ३ अशी ती लय होते, म्हणजे कधी १३.९ मिलिसेकंद तर कधी २०.८. गेमने प्रत्येक फ्रेम अगदी वेळेवर दिली तरी सरकतं मैदान थरथरणार. ७५ हर्ट्झच्या मॉनिटरवर दर चौथी फ्रेम दोनदा दिसते. यावरचा उपाय फुकट आहे: डिस्प्ले सेटिंगमध्ये मॉनिटर १२० हर्ट्झवर आणा म्हणजे प्रत्येक फ्रेमला नेमके दोन ठोके मिळतील. १४४ ठेवायचं असेल आणि गेम परवानगी देत असेल, तर गेमची फ्रेममर्यादा ७२ ला लावा. मॉनिटर ५९.९४ वर आणि गेम ६० वर असेल तर साधारण दर १७ सेकंदांनी एक फ्रेम गळते. आलेख स्वच्छ आहे आणि ठरावीक अंतराने एकच बारीक झटका बसतो, अशी तक्रार असेल तर आधी हे तपासा.

यापुढची गोष्ट थोडी गुंतागुंतीची आहे, पण या विषयातली सर्वांत सुंदर तीच. गेम प्रत्येक फेरीत कंट्रोलरचं बटण वाचतो, मागच्या फेरीपासून किती वेळ गेला ते मोजतो, चेंडू आणि बावीस खेळाडू तेवढ्या वेळाइतके पुढे सरकवतो, आणि मग चित्र काढायचं काम ग्राफिक्स कार्डाच्या रांगेत टाकतो. मेख अशी की चालू फ्रेम पडद्यावर नेमकी केव्हा पोहोचेल हे त्याला ठाऊक नसतं. तो मागच्या फेरीचा वेळ धरून पुढचा अंदाज बांधतो.

समजा, मागे चाललेल्या एखाद्या कामामुळे प्रोसेसर एका फेरीत अडला आणि १६.७ ऐवजी २५ मिलिसेकंद गेले. ग्राफिक्स कार्डाच्या रांगेत एक-दोन फ्रेम शिल्लक होत्या, त्यामुळे पडद्याला काहीच कळलं नाही, चित्रं १६.७ च्या ठेक्यावर येत राहिली. पण गेमने मोजले २५, म्हणून चेंडू २५ मिलिसेकंदांइतका पुढे ढकलला. सेकंदाला ३० मीटर वेगाचा चेंडू एका ठोक्यात अर्धा मीटर जायला हवा होता, तो पाऊण मीटर गेला. पुढच्या फेरीत प्रोसेसरने उशीर भरून काढला, मोजलेला वेळ भरला ८.४, आणि चेंडू जेमतेम पाव मीटर हलला. पडद्यावरच्या फ्रेम अचूक वेळी आल्या, पण त्यांच्यातलं चित्र चुकीच्या क्षणाचं होतं! याला ॲनिमेशन एरर म्हणतात. २०१८ मध्ये क्रोटीम या स्टुडिओतल्या अलेन लादावाक यांनी हा घोळ तपशिलात मांडला. ताकदवान यंत्रावरही गेम ‘का कोण जाणे गुळगुळीत वाटत नाही’ असं खेळाडू म्हणतात, तेव्हा ते खरं बोलत असतात. त्यांच्या डोळ्यांना जे दिसतं ते एफपीएस मोजणाऱ्या आकड्याला दिसत नाही, इतकंच.

याचा इलाज म्हणजे यंत्राला दम खायला जागा ठेवणं. गेम ७० ते ११० फ्रेमच्या मध्ये हेलकावत असेल तर मर्यादा ६० ला लावा. प्रोसेसर आणि कार्ड दोघांकडे प्रत्येक फेरीत थोडा वेळ उरतो आणि छोटे अडथळे त्यात जिरून जातात. आधी गेमच्याच मेनूतली मर्यादा वापरा. आलेखाला तरी काटे राहिले तर ती काढून आफ्टरबर्नरच्या जोडीने येणाऱ्या रिव्हाट्यूनर या प्रोग्रॅमची लावा. दोन्ही एकदम लावू नका. दोन मर्यादा एकमेकींच्या ठेक्यावर पाय देतात.

याच मर्यादेचा दुसरा फायदा बटणाच्या उशिराबाबत आहे. कार्ड ९९ टक्के व्यस्त असलं की प्रोसेसर पुढे धावून फ्रेमची रांग लावतो. डायरेक्टएक्समध्ये (विंडोजवर गेम ज्यातून कार्डाला काम सांगतो ती व्यवस्था) ही रांग मुळात तीन फ्रेमपर्यंत जाऊ शकते, म्हणजे ६० फ्रेमला ५० मिलिसेकंद. पासचं बटण दाबलं आणि पास उशिरा गेला, तो इथे. कार्डाचा वापर ९५ टक्क्यांच्या खाली राहील अशी मर्यादा लावली की रांग लागतच नाही. टीव्हीवर खेळत असाल तर त्याचा गेम मोड चालू करा, नाहीतर टीव्हीची चित्रप्रक्रिया आपला वेगळा उशीर त्यात घालते.

व्ही-सिंकबद्दल, म्हणजे फ्रेमला पडद्याच्या ठोक्याशी बांधणाऱ्या सेटिंगबद्दल, थोडक्यात: ६० हर्ट्झवर, चित्र ठेवायला दोनच जागा (बफर) असताना, १७.५ मिलिसेकंदांत झालेली फ्रेम १६.७ चा ठोका हुकवते आणि थेट ३३.३ ची वाट बघत बसते. एक मिलिसेकंदाच्या कमतरतेपायी ६० चे ३० होतात. २०१३ मध्ये जाहीर झालेलं जी-सिंक आणि नंतर आलेलं फ्रीसिंक हे नातं उलटं करतात: पडदा फ्रेमची वाट बघतो. मॉनिटरमध्ये ही सोय असेल तर ती चालू करून मर्यादा मॉनिटरच्या वेगापेक्षा तीन-चार फ्रेम खाली ठेवा, १४४ ला १४० किंवा १४१. मात्र ११५ मिलिसेकंदांचा काटा याने जात नाही.

उंच काट्यांची कारणं वेगळी असतात. ड्रायव्हर किंवा गेम अपडेट झाल्यावर पहिल्याच सामन्यात, नवं स्टेडियम किंवा पाऊस पहिल्यांदा दिसताना काटे येतात आणि दुसऱ्या सामन्यात जातात, तेव्हा कारण शेडर असतात. चित्र रंगवण्याचे हे छोटे प्रोग्रॅम तुमच्या कार्डासाठी जागेवरच तयार करावे लागतात आणि मग ‘शेडर कॅश’ नावाच्या साठ्यात ठेवले जातात. ‘दर आठवड्याला शेडर कॅश साफ करा’ हा सल्ला म्हणूनच घातक आहे. जी मेहनत एकदा झाली ती दर आठवड्याला पुन्हा करायला लावण्यासारखं आहे ते. एनव्हिडियाच्या कंट्रोल पॅनेलमध्ये शेडर कॅशचा आकार १० जीबी करा आणि अपडेटनंतर आधी एक सराव सामना खेळा.

रीप्ले किंवा गोलनंतरच्या जल्लोषातच अडखळत असेल, तर व्हिडिओ मेमरीचा वापर बघा. ती भरली की टेक्स्चर, म्हणजे वस्तूंच्या पृष्ठभागावर चढवायची चित्रं, मुख्य मेमरीतून आणावे लागतात, आणि तो रस्ता कार्डाच्या स्वतःच्या मेमरीपेक्षा कितीतरी अरुंद असतो. टेक्स्चर एक पायरी खाली आणा, खेळाडूंच्या केसांचे सुटे धागे काढणारं सेटिंग असल्यास बंद करा, प्रेक्षकांचा दर्जा कमी करा. काही गेम रीप्ले मुद्दामच ३० फ्रेमवर दाखवतात. ती बिघाडाची खूण नाही. गेम फिरत्या हार्ड डिस्कवर असेल तर एसएसडीवर हलवा: डिस्कचं एकेक शोधणं दहा मिलिसेकंदांच्या आसपास जातं, आणि आपलं सगळं बजेट १६.७ आहे.

रिझोल्यूशन १०८० वरून ७२० करून बघा. फ्रेमचा वेळ घटला तर अडचण कार्डाची. तसाच राहिला तर प्रोसेसर किंवा मेमरीची. दुसऱ्या बाबतीत रॅमची एकच पट्टी आहे का ते पाहा. डीडीआर४-३२०० च्या एका पट्टीची कमाल क्षमता सेकंदाला २५.६ जीबी, दोन पट्ट्या योग्य खाचांत असतील तर ५१.२. चार खाचांच्या बहुतेक बोर्डांवर प्रोसेसरपासून मोजलेली दुसरी आणि चौथी खाच वापरायची, आणि बायोसमध्ये (संगणक सुरू होतानाच्या मूळ सेटिंगमध्ये) एक्सएमपी, म्हणजे रॅमला तिच्या जाहीर वेगाने चालवणारा पर्याय, चालू करायचा. लॅपटॉपवर पहिली दहा-पंधरा मिनिटं छान गेली आणि मग रेषा वर चढू लागली तर ती उष्णता आहे. तापमान आणि प्रोसेसरचा वेग (गिगाहर्ट्झ) शेजारी शेजारी दाखवा. तापमान शंभरीला टेकताना गिगाहर्ट्झ कोसळत असेल तर हवेच्या जाळ्या साफ करा, मागची बाजू उचला आणि चार्जर लावूनच खेळा.

‘गेम बूस्टर’ आणि ‘रॅम क्लीनर’ यांनी यातलं काहीही सुधारत नाही. रॅम रिकामी करणारं ॲप गेमला लागणारी माहितीच बाहेर फेकतं, आणि ती परत आणताना नवा काटा उगवतो. त्यापेक्षा पार्श्वभूमीत चालणारं रेकॉर्डिंग, गेमच्या चित्रावर एकावर एक चढवलेले ओव्हरले आणि फायली अपलोड करणारी क्लाउड सेवा बंद करा.

आता नेटवर्क. ऑनलाइन सामन्याला साधारणपणे सेकंदाला एका मेगाबिटपेक्षाही कमी डेटा लागतो, त्यामुळे महागडा प्लॅन लॅग घालवत नाही. डीएनएस बदलल्यानेही सामन्यातला पिंग, म्हणजे सर्व्हरपर्यंत जाऊन परत यायला लागणारा वेळ, घटत नाही. डीएनएसचं काम सर्व्हरच्या नावावरून पत्ता शोधून देण्याचं, सामन्याच्या माहितीची पाकिटं त्यानंतर त्या पत्त्यावर थेट जातात. खरं दुखणं बहुधा घरातच असतं. राउटरच्या पत्त्याला पिंग लावून ठेवा. दोन-तीन मिलिसेकंद दाखवता दाखवता तो मध्येच ६०-८० वर उडत असेल तर दोष वायफायचा. केबल लावा, ते जमत नसेल तर २.४ गिगाहर्ट्झ सोडून ५ वर या, कारण २.४ वर ब्लूटूथ आणि मायक्रोवेव्ह ओव्हनचीही गर्दी असते.

राउटरचा पिंग स्थिर आहे, पण घरात कुणी व्हिडिओ अपलोड करायला लागलं की सामना गोठतो, तर तो बफरब्लोट, म्हणजे राउटरमध्ये फुगलेली पाकिटांची रांग. अपलोड १० मेगाबिटचं असेल आणि राउटर १ मेगाबाइटची रांग लावू देत असेल, तर तुमच्या पाकिटाला पुढचे ८० लाख बिट जाईपर्यंत ०.८ सेकंद थांबावं लागतं. राउटरमध्ये एसक्यूएम (रांग आटोक्यात ठेवण्याची सोय) असेल तर तिथे केक किंवा एफक्यू-कोडेल यांपैकी एक पद्धत निवडून वेग मोजलेल्या अपलोडच्या ८५ ते ९० टक्के ठेवा. रांग मग राउटरच्या ताब्यात राहते आणि गेमची छोटी पाकिटं मोठ्या फायलींमागे अडकत नाहीत.

अंतराला मात्र इलाज नाही. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर जातो, त्यामुळे ६००० किलोमीटरवरच्या सर्व्हरपर्यंत जाऊन परत यायला किमान ६० मिलिसेकंद लागणारच, कुठलंही ॲप घेतलं तरी. सर्व्हर निवडता येत असेल तर पिंगसोबत त्याचे चढउतारही बघा. ४५ वर स्थिर असलेला सर्व्हर २० ते ९० मध्ये उड्या मारणाऱ्यापेक्षा चांगला, कारण ठरावीक उशीर गेम आधीच धरून चालू शकतो. कधी लवकर, कधी उशिरा येणाऱ्या पाकिटांसाठी त्याला खेळाडूची जागा अंदाजाने ठरवावी लागते, आणि अंदाज चुकला की बचावपटू एकदम दोन मीटर बाजूला उगवतो.