दाबोळी विमानतळ

गोवा राज्यातील नौदल व नागरी वाहतूक यांच्या सामाईक वापराचा विमानतळ. मुरगाव तालुक्यात वास्को द गामा शहरालगत, जांभ्याच्या सपाट सड्यावर तो वसला असून पणजीपासून सु. 30 किमी. अंतरावर आहे. पूर्व-पश्चिम जाणारी सु. 3,400 मी. लांबीची एकच धावपट्टी दोघेही वापरतात. धावपट्टी व हवाई वाहतूक नियंत्रण नौदलाच्या ‘आयएनएस हंसा’ या तळाकडे, तर प्रवासी इमारत भारतीय विमानतळ प्राधिकरणाकडे आहे.

विमानतळ मूळचा नागरी की लष्करी, हा गोव्यातील जुना वाद. भारताने नाकेबंदी कडक केल्यावर गोवा, दमण व दीव यांना जोडण्यासाठी पोर्तुगीज सत्तेने 1955 च्या सुमारास तो सुरू केला. त्याला गव्हर्नर जनरल बेनार्द गेदिश यांचे नाव होते. येथून सरकारी विमानसेवा कराचीकडेही जात असे. उभारणीमागे सामरिक गरज होती हे खरे. परंतु 1961 मध्ये येथे एकही पोर्तुगीज लढाऊ विमान नव्हते. त्यामुळे मूळ वापर मुख्यतः नागरी होता, हे मत अधिक ग्राह्य वाटते.

18 डिसेंबर 1961 रोजी भारतीय हवाई दलाच्या कॅनबेरा विमानांनी धावपट्टीवर बाँबफेक केली. प्रवासी इमारत व इतर सुविधा शक्यतो वाचवाव्यात, असा आदेश होता. त्या रात्री दोन पोर्तुगीज प्रवासी विमाने कराचीकडे निसटली. त्यांपैकी एक कॉन्स्टेलेशन होते; दुसरे बहुतेक वृत्तांतांत डीसी-4, तर काहींत डीसी-6 असे येते. पहिला उल्लेख अधिक विश्वसनीय दिसतो. घाईने केलेली डागडुजी आणि पट्टीचा शाबूत उरलेला आखूड भाग यांवर हे उड्डाण साधले. वैमानिकांचे हे कौशल्य नोंद घेण्याजोगे आहे.

गोवा मुक्तीनंतर, 1962 मध्ये, लष्करी गव्हर्नर मे. ज. के. पी. कँडेथ यांच्या कारकिर्दीत विमानतळ नौदलाकडे आला. सुलूर (कोइमतूर) येथील ‘हंसा’ तळ 1964 मध्ये येथे हलविण्यात आला. सी हॉक, 1983 पासून सी हॅरियर आणि पुढे मिग-29 के ही विमानवाहू नौकांवरील विमाने येथूनच कार्यरत झाली. नौकेच्या डेकसारखी चढती धावपट्टी व विमान अडविणारी तार असलेले चाचणी केंद्र हे येथील वैशिष्ट्य. नौदलासाठी बनविलेल्या ‘तेजस’ विमानाने डिसेंबर 2014 मध्ये या चढत्या पट्टीवरून प्रथम उड्डाण केले आणि सप्टेंबर 2019 मध्ये तारेच्या साहाय्याने उतरण्याची चाचणी यशस्वी केली. 1 ऑक्टोबर 2002 रोजी या तळाजवळ नौदलाच्या इल्यूशिन-38 जातीच्या दोन टेहळणी विमानांची हवेत टक्कर होऊन दोन्हींतील सर्व 12 जण मृत्युमुखी पडले.

नौदलाच्या सरावासाठी कामकाजाच्या दिवशी सकाळचे काही तास नागरी उड्डाणे बंद ठेवण्याची पद्धत पडली. त्यामुळे पर्यटन हंगामातील देशी उड्डाणे आणि परदेशी चार्टर विमाने उरलेल्या वेळेत दाटून येत. नवी प्रवासी इमारत 2013 मध्ये झाली, तरी अडचण धावपट्टीच्या वेळेची असल्याने ती इमारतीने सुटण्यासारखी नव्हती. पेडणे तालुक्यातील मोपा विमानतळाच्या मागणीला यातूनच बळ मिळाले.

मोप्याला मंजुरी देताना दाबोळीची नागरी वाहतूक बंद करण्याची अट होती. ती पुढे शिथिल झाली. मोप्याहून जानेवारी 2023 मध्ये व्यापारी उड्डाणे सुरू झाली असून सिंधुदुर्गातील प्रवाशांना तो विमानतळ अधिक जवळचा आहे. दाबोळीची नागरी सेवाही सुरू राहिली.