उकळता तिसरा हिस्सा

चेक ब्रूअरीवरचा, म्हणजे बिअरच्या कारखान्यावरचा, मूक जाहिरातपट पाहताना नजर वाफाळत्या तांब्याच्या भांड्यांवर आणि ग्लासातल्या दाट फेसावर खिळते. माल्टच्या, म्हणजे मोड आणून वाळवलेल्या सातूच्या, रबड्याचा काही भाग एका भांड्यातून दुसऱ्यात जातो, उकळतो आणि परत पहिल्यात येतो, ते मात्र सहज निसटतं. पिल्सेन या चेक शहरात १८४२ साली ब्रूअर योसेफ ग्रोलने पहिली सोनेरी लागर, म्हणजे थंडाव्यात आंबवून मुरवलेली बिअर, बनवली. तिथे आजही एका घाण्यात ही फेरी तीनदा होते.

मोड आणून वाळवलेले सातू भरडून सुमारे ३५ अंश सेल्सिअसच्या पाण्यात कालवतात. सुमारे एक तृतीयांश रबडा काढून उकळायचा आणि परत ओतायचा. पहिल्या फेरीत तापमान पन्नाशीला येतं, दुसरीत ६३-६५ला, तिसरीत ७३-७५ला. दुसऱ्या फेरीचा हिशेब सोपा आहे: ५० अंशांचे दोन भाग आणि १०० अंशांचा एक भाग मिळून ६६.७ अंश होतात, त्यातले दोन-तीन अंश भांडं आणि वाफ खातात. थर्मामीटर हाताशी नसतानाही नुसत्या मापावर नेमकं तापमान साधण्याची ही युक्ती मला फार मोलाची वाटते.

नेमकेपणा हवा तो एन्झाइम्ससाठी, म्हणजे स्टार्चची साखर करणाऱ्या माल्टमधल्या प्रथिनांसाठी. ६२-६५ अंशांना बीटा-अमायलेज स्टार्चपासून माल्टोज ही साखर बनवतं. उरलेला स्टार्च सत्तरीच्या पुढे अल्फा-अमायलेज तोडतं. दोन्ही पातळ पाण्यात उतरलेली असतात, म्हणून पहिल्या दोन फेऱ्यांत उकळायला तळाचा दाट भागच उचलतात. पाणी जास्त गेलं तर एन्झाइम्स उकळून मरतात आणि स्टार्च तसाच राहतो. थेंबभर पातळ रसात आयोडीन टाकून पाहतात. निळं-जांभळं झालं तर काम अपुरं आहे. उकळता रबडा घाईने ओतला तरी हाच घोटाळा होतो, म्हणून सावकाश, ढवळत ओततात. दुसऱ्या फेरीत पारा सत्तरीवर गेला तर बीटा-अमायलेज लवकर निकामी होतं. यीस्टला न पचणारी साखर उरते आणि बिअर जड, गोडसर होते.

दाट रबडा तळाला धरतो. पिल्सेनची भांडी थेट आचेवर असल्याने त्यांच्या तळाशी साखळ्या फिरत्या ठेवतात. एकदा करपलं की तो वास पुढे कशानेच जात नाही. नीट उकळलं तर साखर आणि अमिनो आम्लं एकत्र येऊन भाजलेल्या पावाचा स्वाद आणि गडद सोनेरी रंग येतो. पुढे साट्स जातीचे हॉप्स, म्हणजे कडवट चवीची सुगंधी फुलं, घालून उकळी, थंडाव्यात आंबवणं आणि तळघरात शून्याच्या आसपास काही आठवडे मुरवणं.

आजच्या माल्टमधला स्टार्च इतका मोकळा असतो, की एकाच भांड्यात तापमान चढवूनही काम होतं. वेळ आणि इंधनही वाचतं. पण त्या बिअरला तो भरीवपणा येत नाही, असं चेक ब्रूअर ठामपणे मानतात.