कावळा दाराबाहेर, उंदीर न्हाव्याकडे : आपलेपणाच्या हसऱ्या बालकथांची पार्श्वभूमी

कावळ्याचे घर शेणाचे, चिमणीचे घर मेणाचे. ही गोष्ट विदर्भाच्या मातीत लिहून ठेवलेली आहे. म्हाइंभटांनी 1278च्या सुमारास अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरला महानुभाव पंथाच्या चक्रधरस्वामींच्या आठवणी जमवून लीळाचरित्र रचले. त्यात ही गोष्ट येते. चिमणीच्या जागी तिथे साळई आहे. शेण, मेण आणि पाऊस मात्र तेच. म्हणजे मराठीत लिहिल्या गेलेल्या अगदी जुन्या बालकथांपैकी एक, ‘मला आत घे’ म्हणणाऱ्याची आणि दार न उघडणाऱ्याची आहे.

पोरे हसतात ती ‘थांब’ या शब्दाला. थांब, बाळाला न्हाऊ घालते, थांब, तीट लावते, थांब, निजवते. हीच चाल भुलाबाईच्या गाण्यांतही सापडते. भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत वऱ्हाडातल्या मुली जी गाणी म्हणतात, त्यात कारल्याचे एक आहे. सून माहेरी जायचे विचारते आणि सासू आधी बी पेरायला लावते, मग वेल वाढू दे, मग फूल, मग कारले, मग भाजी. आपले माणूस कोण आणि परके कोण, हा अवघड प्रश्न बायकांनी लेकरांच्या तोंडी असा हसत हसत दिला.

चिऊ-काऊची गोष्ट सांगताना एक चूक फार होते. कावळा आळशी होता, म्हणून त्याचे घर वाहून गेले, असे सांगणारे जोडून देतात. काही घरांत तर आत आल्यावर त्याला चटकाही बसतो. मग सगळे हसू कावळ्यावर पडते. ज्या गावात पुरात भिंत खचलेली घरे आहेत, तिथे हे सांगूच नये. घर वाहून गेले ते पाऊस मोठा होता म्हणून. एवढे कारण पुरे.

पंचतंत्रातल्या हसण्याची जात वेगळी. रंगाऱ्याच्या निळीच्या हौदात पडलेला कोल्हा राजा होतो, आपल्याच कोल्ह्यांना हाकलतो, आणि एक दिवस दूरची कोल्हेकुई ऐकून न राहवून स्वतःही ओरडतो. तिथे त्याचा जीव जातो. वाघाचे कातडे पांघरलेले गाढव ओरडल्यामुळेच मरते. मुलगी केलेली उंदरी सूर्य, ढग, वारा, डोंगर नाकारून शेवटी उंदरालाच वरते. वरवर पाहता या ‘जसा आहेस तसा राहा’ सांगणाऱ्या गोष्टी. नीट पाहिले तर त्या ‘आपल्या पायरीने राहा’ असे सांगतात, आणि जातीची उतरंड पाहिलेल्या गावात हा फरक लहान नाही. इसापाचा मोरपिसे लावलेला कावळाही याच घराण्यातला. इसाप मराठीत तंजावरला सर्फोजीराजांच्या काळात 1806 साली छापला गेला, पुढे 1828मध्ये बापू छत्र्यांची इसपनीती आली, आणि शाळेच्या पुस्तकांतून बोधकथेचा हा साचा पक्का झाला.

1843 साली डेन्मार्कच्या अँडरसनने कुरूप पिल्लाची गोष्ट लिहिली. ग. दि. माडगूळकरांच्या गाण्यामुळे ती मराठी घराघरांत पोचली. तिच्यात दुःख मुलाच्या बाजूने सांगितले आहे, ही मोठी गोष्ट. पण ते पिल्लू राजहंस निघते म्हणून सुटते. जे बदक बदकच राहणार, त्याचे काय, याचे उत्तर तिथे नाही.

ते उत्तर लोककथेतल्या सात शेपट्यांच्या उंदराकडे आहे. ही गोष्ट मराठीत आणि गुजरातीत दोन्हीकडे सांगतात. पोरे चिडवतात म्हणून उंदीर न्हाव्याकडे जाऊन एक शेपटी कापून घेतो. उरल्या सहा. पोरे सहाला चिडवतात. पाच, चार, असे करत एकही उरत नाही, तर ‘बिनशेपटीचा’ म्हणून चिडवतात! चिडवणाऱ्याला शेपटीशी देणेघेणे नसतेच, हे पाच वर्षांच्या पोरालाही मोजता मोजता कळते.

अंगणवाडीत किंवा पहिली-दुसरीच्या वर्गात ही गोष्ट सांगायची तर जुन्या ओढणीच्या हातभर लांब सात चिंध्या कमरेच्या दोरीला सुरगाठीने अडकवाव्यात, ओढली की सुटली पाहिजे. गाठ पक्की बसली तर सोडण्यात वेळ जातो आणि हसू विरते. पहिल्या दोन फेऱ्या सावकाश, मधल्या चार भराभर, शेवटची पुन्हा सावकाश. दहा मिनिटांत गोष्ट संपते. कंटाळून सातच्या तीन शेपट्या केल्या की गोष्ट मोडते, कारण उतरत्या मोजणीतच तिचा जीव आहे. दुसरा धोका जास्त गंभीर: चिडवणे सगळ्या वर्गाकडून एका सुरात म्हणवून घेतले की वर्गच ती चिडवणारी टोळी होतो, आणि लंगडणाऱ्या किंवा तिरळ्या पोराला दुसऱ्या दिवशी नवे नाव पडते. म्हणून चिडवणे सांगणाऱ्याने एकट्याने करावे. वर्गाने उंदराच्या बाजूने फक्त उरलेल्या शेपट्या मोजाव्यात. उंदीर घरी आल्यावर त्याच्या आईने काय म्हणावे, ते पोरांना विचारावे आणि त्यांचे उत्तर सुधारू नये.

विदर्भात चिडवण्याचे सर्वांत जवळचे कारण बोली असते. डोळ्याला ‘डोया’, मला ‘मले’, का ऐवजी ‘काऊन’ म्हणणारे लेकरू शाळेत आले की हशा होतो. नाटक-सिनेमांनी ही बोली बहुतेक वेळा गड्याच्या किंवा बावळटाच्या तोंडी घातली, आणि बालकथांनीही तेच उचलले. यावर उपाय रिद्धपूरच्याच परंपरेत आहे. महानुभाव पंथातले केशोबास संस्कृतात लिहू लागले तेव्हा पंथाचे आचार्य नागदेवाचार्य यांनी, संस्कृत न कळणाऱ्या माझ्या म्हाताऱ्या बायांचे काय, म्हणून त्यांना थांबवले. 2009च्या शिक्षण हक्क कायद्यातही शक्य तिथवर मातृभाषेतून शिकवावे असे कलम आहे. तेव्हा वऱ्हाडी किंवा पूर्व विदर्भातली झाडीबोली फक्त पात्राला देऊ नये, निवेदकाला द्यावी. ‘उंदीर न्हाव्याकडे गेला न् म्हने, बावा, एक शेपटी काप’ असे पहिल्या वाक्यापासून सांगितले, की हसू बोलीवर पडत नाही, गोष्टीवर पडते.

मेळघाटात घरी कोरकू बोलणारी, यवतमाळकडे कोलामी, गडचिरोलीत गोंडी बोलणारी पोरे वर्गात असतात. तिथे मोजणी त्यांच्याकडे सोपवावी. गोंडीत शेपट्या एरुंगपासून, म्हणजे सातपासून, सुरू होऊन उंदीवर, म्हणजे एकावर, येतात. बाकी वर्गाला त्या एका पोराच्या मागून म्हणावे लागते, आणि चुकले की हसायची पाळी त्याची.