गेंड्या भुंगा

गेंड्या भुंगा हा ढालपंखी गणाच्या स्कॅरॅबिडी कुलातील मोठा, काळा भुंगा असून नारळ, तेलमाड, सुपारी, खजूर आणि बागेत शोभेसाठी लावलेले अनेक पाम यांचा शेंडा पोखरून आतल्या कोवळ्या गाभ्याच्या रसावर तो जगतो. त्याचे शास्त्रीय नाव ओरिक्टेस ऱ्हायनोसेरस असे असून लिनीअस यांनी 1758 मध्ये त्याची नोंद केली. दक्षिण व आग्नेय आशिया हे त्याचे मूळ घर. कोकण, गोवा आणि केरळच्या माडबागांत तो पूर्वापार आहे. प्रशांत महासागरातील बेटांवर मात्र विसाव्या शतकात माणसाच्याच मालवाहतुकीतून तो पोहोचला आणि तिथे त्याने माडांची दाणादाण उडवली. एकच कीटक एका किनाऱ्यावर नेहमीची डोकेदुखी आणि दुसऱ्या किनाऱ्यावर अरिष्ट कसा ठरतो, हे समजून घ्यायला याच्याइतके बोलके उदाहरण क्वचितच मिळेल.

पूर्ण वाढलेला भुंगा साधारण साडेतीन ते पाच सेंटिमीटर लांब, जाडजूड आणि चकचकीत असतो. डोक्यावर मागे वळलेले एक शिंग असते, त्यावरूनच त्याला हे नाव पडले. नराचे शिंग बहुधा लांब असते, पण लहान चणीच्या नराचे आणि मादीचे शिंग सारखेच दिसू शकते. त्यामुळे नर-मादी ओळखायची तर भुंगा उलटा करून पोटाचे टोक पाहावे. मादीच्या टोकाला तांबूस केसांचा दाट झुबका असतो, नराचे टोक जवळजवळ गुळगुळीत असते. दिवसा तो माडाच्या भोकात किंवा कुजक्या खतात दडून राहतो आणि रात्री उडतो.

माडाचा हा शत्रू लहानाचा मोठा होतो तो माडावर नव्हे, कुजलेल्या सेंद्रिय पदार्थात. त्याच्या नियंत्रणाचा सगळा विचार या एका गोष्टीभोवती फिरतो. शेणखताचा खड्डा, उकिरडा, पालापाचोळ्याचा ढीग, लाकडाचा भुसा आणि विशेषतः मेलेल्या माडाचे कुजत पडलेले खोड या जागा मादी अंड्यांसाठी निवडते. एक मादी आयुष्यात साधारण 50 ते 100 अंडी घालते. अंडी पांढुरकी, तीन-चार मिलिमीटरची असतात आणि 8 ते 12 दिवसांत उबतात. अळी तीन अवस्थांतून वाढते, त्यासाठी खाद्य व हवामानानुसार तीन ते सहा महिने लागतात. नंतर दोन ते चार आठवडे कोष आणि त्यातून भुंगा. बाहेर पडल्यावर भुंगा आणखी काही महिने जगतो, आणि माडाचे नुकसान होते ते याच काळात.

पावसाळ्याआधी शेणखताचा जुना खड्डा उपसताना फावड्याच्या एका फटक्यासरशी या अळ्या बाहेर पडतात. पांढरट, जाड, अंगठ्याएवढ्या, इंग्रजी 'सी' अक्षरासारख्या वळलेल्या, तपकिरी डोक्याच्या आणि मागच्या टोकाला आतल्या खतामुळे काळपट दिसणाऱ्या. पुष्कळ शेतकरी त्यांना हुमणी समजतात. चूक स्वाभाविक आहे, कारण दोन्ही एकाच कुळातल्या. परंतु हुमणी जिवंत पिकाच्या मुळ्या खाते, तर गेंड्या भुंग्याची अळी कुजका पदार्थ खाते आणि माडाच्या मुळांना हात लावत नाही. म्हणून 'खतातल्या अळ्यांनी माडाला काय होणार' असे म्हणून त्या तशाच बागेत पसरल्या जातात. त्यातल्या वाचलेल्या प्रत्येक अळीचा पुढे भुंगा होतो आणि तो शेजारच्या माडाचा शेंडा गाठतो.

नुकसानीची खूण ओळखायला सोपी आहे. माडाच्या मध्यभागी न उलगडलेली, भाल्यासारखी सरळ वर आलेली कोवळी झावळी असते. कोकणात तिला सुई म्हणतात. भुंगा झावळीच्या बेचक्यातून शिरून या सुईच्या तळाशी भोक पाडतो, तंतू चघळून रस घेतो आणि चोथा भोकाबाहेर ढकलतो. ओलसर, तपकिरी चोथ्याचा हा बोळा बेचक्यात दिसला की भुंगा आत आहे असे समजावे. सुईत घडी घातलेली पाती एकावर एक असताना एकदाच पडलेले भोक झावळी उलगडल्यावर दोन्ही बाजूंच्या पात्यांवर उमटते. घडी घातलेला कागद कात्रीने कापून उलगडावा तसे त्रिकोणी, पंख्याच्या आकाराचे छेद दिसतात ते त्यामुळे. हे छेद दिसतात तेव्हा मूळ घाव काही महिन्यांचा जुना झालेला असतो. पोय, म्हणजे माडाचा न उमललेला फुलोरा, पोखरली गेल्यास त्या पोयीची फळे जातात. मोठा माड काही घाव सोसतो, लहान रोपाचा मात्र वाढता कोंबच कापला जाऊन रोप मरते. याहून वाईट म्हणजे गेंड्या भुंग्याने पाडलेली जखम सोंड्या भुंग्याला वाट करून देते. सोंड्या भुंग्याच्या अळ्या जिवंत माडाचा गाभाच पोखरतात आणि लक्षणे दिसेपर्यंत माड वाचवण्याची वेळ बहुधा टळून गेलेली असते. शेंडा कुजण्याचा रोगही अशा जखमेतून शिरतो.

या भुंग्याचा प्रशांत महासागरातील प्रवेश 1909 मध्ये सामोआच्या उपोलू बेटावर झाला. श्रीलंकेहून आणलेल्या रबराच्या रोपांबरोबर, बहुधा त्यांच्या मुळांभोवतीच्या मातीतून, तो तिथे उतरला. पुढच्या दशकांत तो टोंगा, वॉलिस, पलाऊ, न्यू ब्रिटन, फिजी आणि टोकेलाऊ या बेटांवर पोहोचला. दुसऱ्या महायुद्धातील जहाजांच्या आणि मालाच्या ये-जा करण्याने या पसरण्याला हातभार लावला, शिवाय लढाईत मोडून पडलेल्या माडांची खोडे अंडी घालायला आयतीच मिळाली. पलाऊमध्ये तो 1942 च्या सुमारास शिरला आणि दहा वर्षांत तिथले निम्मे माड मेले. काही लहान बेटांवर माड उरलाच नाही. खोबरे हेच ज्या समाजाचे अन्न, तेल आणि रोख उत्पन्न, त्याला हा घाव किती खोल बसला असेल, हे माडावर संसार चालवणाऱ्या कोकणी माणसाला वेगळे सांगावे लागणार नाही.

सुरुवातीचा उपाय हाताने वेचण्याचा होता. सामोआत गावकऱ्यांवर भुंगे व अळ्या शोधून नष्ट करण्याची सक्ती करण्यात आली. टोंगातील निउआटोपुटापू या लहान बेटावर 1921 मध्ये आलेला भुंगा कुजकी खोडे व कचरा चिकाटीने हटवून 1930 पर्यंत समूळ नाहीसा करण्यात आला. रुजलेला गेंड्या भुंगा पूर्णपणे उखडल्याची अशी उदाहरणे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीही नाहीत, म्हणून या बेटाचे नाव लक्षात ठेवायला हवे.

मोठ्या बेटांवर ही मेहनत पुरी पडेना. तेव्हा भुंग्याच्या मूळ प्रदेशात त्याला कोणते रोग होतात, याचा शोध सुरू झाला. जर्मन शास्त्रज्ञ अलोइस हुगर यांना 1963 मध्ये मलेशियातील आजारी अळ्यांत एक विषाणू सापडला. 1967 मध्ये तो सामोआत सोडण्यात आला. या विषाणूची खुबी अशी की त्याचा प्रसार भुंगा स्वतःच करतो. लागण झालेला भुंगा लगेच मरत नाही. त्याचे खाणे मंदावते, मादी अंडी घालणे थांबवते, पण तो उडत राहतो आणि विष्ठेतून विषाणू माडाच्या भोकांत आणि खताच्या ढिगांत पसरवतो. प्रयोगशाळेत लागण करून सोडलेले थोडेसे भुंगे म्हणूनच एका बेटाला पुरतात. सामोआ, फिजी, टोंगा येथे माडांचे नुकसान स्पष्टपणे घटले. भारतात 1980 च्या दशकात लक्षद्वीपच्या मिनिकॉय बेटावर हाच उपाय यशस्वी झाला. भुंगा नाहीसा झाला नाही, पण माड फळे देत राहिले, आणि जैविक नियंत्रणाकडून रास्त अपेक्षा हीच असते.

जवळजवळ चाळीस वर्षे हे यश टिकले. मग सप्टेंबर 2007 मध्ये गुआम बेटावरील तुमोन उपसागराच्या हॉटेल वस्तीत माडांवर तेच त्रिकोणी छेद दिसले. ताबडतोब सीमा आखल्या गेल्या, सापळे लागले, ढीग हटवले गेले, कुत्र्यांना वासावरून अळ्या शोधायला शिकवले गेले आणि विषाणूही सोडला गेला. पण या वेळी विषाणूने काम केले नाही. जनुकीय तपासणीत आढळले की गुआमचा भुंगा वेगळ्या वंशाचा असून तोवर वापरात असलेल्या विषाणूला तो दाद देत नाही. गुआमवर आणखी एक विपरीत गोष्ट दिसली. तिथे अळ्या जमिनीवरच्या ढिगांत तर होत्याच, पण जिवंत माडांच्या शेंड्यात, झावळ्यांच्या बेचक्यात साचलेल्या कुजक्या पदार्थातही वाढत होत्या. त्यामुळे जमीन स्वच्छ करूनही पैदास थांबेना. 2015 मध्ये डॉल्फिन चक्रीवादळाने झाडे लोळवली आणि त्या कुजत्या ढिगांतून भुंग्यांची मोठी लाट उठली.

याच वंशाचा भुंगा डिसेंबर 2013 मध्ये हवाईच्या ओआहू बेटावर, पर्ल हार्बर-हिकम लष्करी तळाजवळ सापडला. 2015 मध्ये तो सोलोमन बेटांवर आढळला. हवाईने अनेक वर्षे त्याला ओआहूवर रोखून धरले, पण 2023 पर्यंत कौआई, माउई आणि राज्याचेच नाव असलेल्या हवाई या बेटांवरही तो मिळाला. बागांसाठी नेले जाणारे कंपोस्ट, लाकडाचा चुरा आणि कुंडीतली रोपे हाच त्याचा मुख्य प्रवासमार्ग. भुंगा स्वतः उडून फार मोठा समुद्र ओलांडत नाही, त्याला नेतो तो माणूस. म्हणून हवाईत अशा मालाच्या वाहतुकीवर निर्बंध घालण्यात आले. शहरातल्या हौशी बागेसाठी आणलेले खताचे पोते हे सगळ्यांत निरुपद्रवी दिसणारे आणि सगळ्यांत धोक्याचे वाहन आहे.

भुंगा पकडण्यासाठी गंधसापळेही वापरतात. खाद्याची जागा सापडलेला नर जो गंध सोडतो, त्यातील मुख्य रसायन 1990 च्या दशकात ओळखले गेले. त्याची कृत्रिम गोळी बादलीच्या सापळ्यात टांगली की नर व मादी दोघेही येतात. सापळ्याचा खरा उपयोग भुंगा आला आहे का आणि किती, हे कळण्यासाठी होतो. पैदाशीच्या जागा तशाच ठेवून केवळ सापळ्यांवर विसंबणारी बाग वाचत नाही. गुआममध्ये मासेमारीचे बारीक धाग्याचे जाळे कंपोस्टच्या ढिगावर अंथरण्याची साधी युक्ती उपयोगी ठरली, कारण ढिगात शिरणारा आणि बाहेर पडणारा भुंगा काटेरी पायांमुळे जाळ्यात अडकतो.

भारतीय किनाऱ्यावर भुंग्याचे नैसर्गिक शत्रू व रोग त्याच्या सोबत आहेत, त्यामुळे संहार क्वचित होतो. परंतु नव्याने लावलेल्या बागेत लक्ष न दिल्यास पहिल्या तीन-चार वर्षांतच रोपे जातात. खताचा खड्डा वर्षातून दोनदा तरी उलटापालटा करावा. वर आलेल्या अळ्या कोंबड्या व कावळे क्षणात फस्त करतात. खड्ड्यात मेटारायझियम ही हिरवी बुरशी मिसळल्यास ओलावा असेपर्यंत ती अळ्यांना लागते, त्या ताठर होऊन मरतात आणि त्यांच्या अंगावर हिरवट पूड दिसते. ही बुरशी नारळाच्या पाण्यावरही वाढवता येते. शेंड्याकडच्या वरच्या तीन झावळ्यांच्या बेचक्यात 250 ग्रॅम निंबोळी किंवा करंजाची पेंड तेवढ्याच वाळूत मिसळून वर्षातून तीनदा भरतात. लहान रोपांत डांबराच्या तीन-चार गोळ्या ठेवून वर वाळू टाकतात आणि दर 45 दिवसांनी त्या बदलतात.

ज्या माडात चोथ्याचा बोळा दिसतो, तिथे जुना लोखंडी हूक अजूनही सर्वांत खात्रीचा आहे. चढणारा गडी आधी भोकातला चोथा बोटाने काढतो, टोक वाकवलेली सळई भोकाच्या वळणाने अलगद आत सरकवतो, कठीण कवचाला ती अडली की किंचित फिरवून भुंगा टोचून बाहेर ओढतो आणि रिकामे भोक पेंड व वाळूने बुजवतो. इथे घाई करून चालत नाही. सळई आडवी गेली तर सुईचा गाभाच चिरतो आणि भुंग्यापेक्षा जास्त इजा माणूस करतो. वादळानंतर मात्र पहिले काम जमिनीवरचे असते. 3 जून 2020 रोजी निसर्ग चक्रीवादळाने रायगड व रत्नागिरीच्या किनारपट्टीवर नारळी-पोफळी आडव्या केल्या, तशा प्रसंगी पडलेली खोडे महिनोन्‌महिने बागेत राहू देऊ नयेत. ती फाडून वाळवावीत, जाळावीत किंवा वापरात आणावीत, आणि उभा राहिलेला बुंधा जमिनीलगत कापून मातीने झाकावा.