फाळके यांचे छायालेखन

धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके (१८७०–१९४४) यांच्या मूकपटांतील कॅमेऱ्याचे काम. फाळके निर्माते-दिग्दर्शक म्हणून सर्वांना ठाऊक आहेत, पण त्यांचे पहिले प्रेम भिंगावर होते.

त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या फाळक्यांनी मुंबईचे जे. जे. कलाशाळा आणि बडोद्याचे कलाभवन येथे शिक्षण घेतले, गोध्र्यात फोटो स्टुडिओ चालवला, पुढे राजा रविवर्मा यांच्या छापखान्यात काम केले. त्या छापील चित्रांची मांडणी त्यांच्या पडद्यावर दिसते. कॅमेरा बहुधा एका जागी स्थिर, पात्रे डोक्यापासून पायापर्यंत चौकटीत आणि प्रेक्षकाकडे वळलेली.

१९१२ मध्ये त्यांनी लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणला. कच्च्या फिल्मला कडेची भोके नसत. ती अंधारात पाडण्याचे काम पत्नी सरस्वतीबाईंनी केले. भांडवल मिळावे म्हणून फाळक्यांनी वाटाण्याचे रोप महिनाभर ठरावीक अंतराने टिपले आणि त्याची वाढ काही क्षणांत दाखवली. ‘राजा हरिश्चंद्र’चा (१९१३) कॅमेरा त्र्यंबक तेलंग यांनी चालवला, त्यांना ते शिकवले फाळक्यांनीच.

त्या काळी कॅमेऱ्याची मूठ हाताने फिरवायची, सेकंदाला साधारण दोन फेरे, म्हणजे फिल्मवर १६ चौकटी (सुटी चित्रे). हात मंदावला की चौकटी कमी टिपल्या जात आणि नेहमीच्या वेगाने दाखवताना पडद्यावरचा माणूस पळू लागे. फिल्मला तांबडा रंग जवळजवळ दिसतच नसे, म्हणून तांबडे लुगडे पडद्यावर काळे येई. दिवे अपुरे, सारी भिस्त उन्हावर. पांढऱ्या चादरी धरून ऊन चेहऱ्यांवर परतवावे लागे. तेही सरस्वतीबाईंनी केले आहे. तेलंगांइतकेच त्यांचेही नाव या कामात घेतले पाहिजे.

१९१३ मध्येच फाळक्यांनी बिऱ्हाड आणि कंपनी नाशिकला हलवली. मोकळे ऊन, गोदावरी, डोंगर आणि जुने वाडे इथे हाताशी होते. ‘मोहिनी भस्मासुर’पासून ‘लंकादहन’पर्यंतचे (१९१७) चित्रपट या मुक्कामातले. चमत्कार दाखवण्याची रीत साधी पण कष्टाची होती. मूठ थांबवायची, नटांनी जागच्या जागी निश्चल राहायचे, हवी ती वस्तू बदलायची आणि पुन्हा फिरवायची. पडद्यावर देव एकाएकी प्रकटे. तीच फिल्म मागे गुंडाळून दुसऱ्यांदा टिपली की एका दृश्यावर दुसरे चढे. दुसऱ्या खेपेला फेऱ्यांची मोजणी चुकली, तर आधीचे कामही वाया.

या कसबाचा उत्तम नमुना म्हणजे ‘कालिया मर्दन’ (१९१९). आरंभी फाळक्यांची लेक मंदाकिनी साध्या वेशात कॅमेऱ्यासमोर येते. चौकट तिच्या चेहऱ्याजवळ, भाव एकामागून एक बदलत जातात आणि मग त्याच चेहऱ्याच्या जागी मुकुटधारी कृष्ण उमटतो. जवळून घेतलेला चेहरा एवढा वेळ धरून ठेवण्याचे धाडस फाळक्यांनी क्वचितच केले. हा चित्रपट सुदैवाने बराचसा टिकला आहे, त्यामुळे पाण्यातली कृष्ण-कालियाची झुंजही आज पाहता येते.