रिळातला माणूस आणि व्हिनेगरचा वास

कराडला कृष्णा-कोयनेच्या प्रीतिसंगमावर यशवंतराव चव्हाणांची समाधी आहे. २५ नोव्हेंबर १९८४ रोजी ते निवर्तले, तरी त्यांच्यावरील माहितीपटांत ते आजही भाषण करतात, लोकांना नमस्कार करतात. दिवंगत व्यक्तीच्या अशा पुनरागमनाचे श्रेय हल्ली सरसकट संगणकाला दिले जाते. माझ्या मते त्याआधीचा मान जुन्या फिल्मच्या रसायनाचा आहे.

साताऱ्याला आमच्या माळ्यावर आत्याच्या लग्नाचे ८ मिलिमीटरचे रीळ होते. डब्याचे झाकण उघडताच व्हिनेगरचा आंबूस भपका आला. ही फिल्म सेल्युलोज ॲसिटेटची असते. दमट, उबदार हवेत तिचे रेणू तुटून ॲसेटिक आम्ल सुटते, आणि तेच आम्ल पुढच्या विघटनाला वेग देते. मग फिल्म आखडते, कडेची छिद्रे यंत्राच्या दात्यांवर बसेनाशी होतात. थंड, कोरड्या कोठारात ही क्रिया फार मंदावते, पण थांबत नाही. त्याआधीची नायट्रेट फिल्म तर स्फोटकांचीच भावंड: जळताना ती स्वतःच ऑक्सिजन पुरवते, म्हणून पाण्याने विझत नाही. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची नायट्रेट रिळे २००३ च्या आगीत अशीच गेली.

फिल्म टिकली, तरच पुढची कारागिरी. १९९४ च्या 'फॉरेस्ट गम्प'मध्ये १९६३ साली मारले गेलेले अध्यक्ष केनेडी नायकाशी हस्तांदोलन करतात. त्यासाठी नायक झालेल्या टॉम हँक्स यांचे चित्रण निळ्या पडद्यापुढे करून ते जुन्या दृश्यात बसवले गेले आणि केनेडींच्या ओठांची हालचाल संगणकावर बदलली गेली. अशा जोडकामात नव्या चित्राला जुन्या फिल्मचे रवे (चित्रातला दाणेदारपणा), धूसरपणा आणि प्रकाशाची दिशाही द्यावी लागते. सावली उलटी पडली की प्रेक्षकाला कारण न कळताही खोटेपणा जाणवतो. अभिनेते मार्लन ब्रँडो यांच्या बाबतीत १९७८ च्या 'सुपरमॅन'साठीचे जुने चित्रण हाताशी होते; ब्रँडो २००४ साली वारले आणि तरी २००६ च्या 'सुपरमॅन रिटर्न्स'मध्ये दिसले.

आमच्या रिळाची प्रत सांगलीच्या एका दुकानात काढून घेतली, तेव्हा मांडवात आजोबा भलत्याच लगबगीने फिरताना दिसले. कॅमेऱ्याने सेकंदाला १६ चित्रे टिपली होती आणि प्रत २४ च्या वेगाने धावत होती, म्हणजे चाल दीडपट. वेग पुन्हा १६ वर आणल्यावर उजव्या पायावर किंचित थबकत चालणारे आजोबा ओळखू आले.